एडिटरचा दिवस, उबाल्दाची रात्र

पहाटे साडेपाच. घर उठायच्या आत हेडफोन लावतो. मारिआनो लॉरेन्तीचा ‘उबाल्दा’, १९७२. पासोलिनीचा ‘डेकॅमेरॉन’ १९७१ला गाजला, बर्लिनला पारितोषिक मिळालं आणि इटलीत त्याच्या स्वस्त नकलांची रांगच लागली. मध्ययुग, मठ, सरदार, उघडे देह. इथे युद्धावरून परतलेला सरदार गिरणीवाल्याच्या बायकोच्या, उबाल्दाच्या मागे लागतो.

साडेनऊ. नाशिकचा रविवार कारंजा, स्टुडिओ. लग्नाचं मिक्सिंग. अंतरपाट खाली येतो तेव्हा कॅमेरामन मामाच्या कोपरावर! वधूचा चेहरा दुसऱ्या कॅमेऱ्यात सापडला, पण तिथे आवाज नाही. मंगलाष्टकं याची, चेहरा त्याचा, असं जुळवलं. त्या काळी इटलीत अख्खे सिनेमे असेच जुळवत. शूटिंग मुकं, आवाज नंतर. ओठ आणि शब्द फारकत घेतात ते माझ्या डोळ्याला लगेच खुपतं, पण त्यातली धडपडही दिसते.

दीड. डबा. असिस्टंट विचारतो, “दादा, तुम्ही तसले पिक्चर बघता?” बघतो. मूळ ‘डेकॅमेरॉन’ हे बोकाचिओचं चौदाव्या शतकातलं पुस्तक. प्लेगमुळे फ्लॉरेन्स सोडून गेलेल्या सात बायका आणि तीन पुरुष शंभर गोष्टी सांगतात. त्यांतल्या कितीतरी बायका नवऱ्याला, पाद्र्याला सहज गुंडाळतात. नकलांनी बहुतेकदा ती हुशारी टाकली, देह ठेवला. माझं भांडण तेवढंच. उबाल्दा झालेली एडविज फेनेक मात्र विनोदाची वेळ अचूक साधते.

चार ते सात रेंडर, पार्टी, पैसे.

आठ. मालेगावचा मित्र येतो. त्याच्या गावी नासिर शेखने व्हिडिओ पार्लर चालवता चालवता ‘मालेगाव के शोले’ काढला. नाशिकला तर फाळक्यांनी १९१८ला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी केली. त्याआधीच्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंखे हा एकच नट. कमी पैशांत जुना काळ उभा करणं आमच्याकडचंच काम आहे, म्हणून मला हे इटालियन सिनेमे परके वाटत नाहीत.

दहा. चार दर्दी जमतात, सगळे मोठे. टॅरंटिनोने २००९मध्ये आपल्या सिनेमातल्या एका जनरलला ‘एड फेनेक’ नाव दिलं, तो प्रसंग पुन्हा लावायची फर्माईश होते. मग वाद पासोलिनीवर येतो. देहाचा बाजार झालेला पाहून १९७५मध्ये त्याने ‘डेकॅमेरॉन’सकट त्या त्रयीतले आपले तिन्ही सिनेमे नाकारले. मला त्याचा राग पटतो, नकार पटत नाही.

तुम्ही बघणार असाल तर आधी पासोलिनी बघा, मग उबाल्दा.