पडद्यावरचे डॉक्टर



अंधेरीहून बोरिवलीकडे जातांना वाटेंत गोरेगांव लागतें. तेथील चित्रनगरी १९७७ सालीं स्थापन झाली. तेथें सुतार आणि रंगारी मिळून हां हां म्हणतां इस्पितळ उभें करतात. खाट, सलाइनची बाटली, हृदयाची रेघ दाखविणारें यंत्र, कशाचीच उणीव नसते. उणीव असते ती रोगी खरोखर कसा दिसतो हें जाणणाऱ्या माणसाची. म्हणून कांहीं निर्माते एखाद्या डॉक्टरास सल्लागार म्हणून बोलावितात.

सुई कोठें टोंचावी, हातमोजे चढविल्यावर कशास स्पर्श करूं नये, हें तो चटकन् सांगतो. अडचण पुढें येते. हृदय थांबलेल्या प्रौढ माणसाची छाती मिनिटास १०० ते १२० वेळां, निदान पांच सेंटिमीटर खोल दाबावी लागते. धडधाकट नटाची छाती अशी दाबली तर बरगडी मोडावयाची! म्हणून तेथें पुतळा तरी ठेवावा लागतो, नाहीं तर दाबल्याचें सोंग तरी करावें लागतें. हें सोंग क्षम्य आहे. परंतु रेघ सपाट झाली कीं पडद्यावरचा डॉक्टर विजेचा धक्का देतो, हें साफ चुकीचें. धक्का असतो तो हृदयाची विशिष्ट बेताल थरथर थांबविण्यासाठीं. सपाट रेघेवर त्याचा उपयोग नाहीं. सल्लागार हें सांगतो. पण त्याला मत असतें, अधिकार नसतो. १९९६ सालीं अमेरिकन वैद्यांनीं तेथील दूरचित्रवाणीवरील मालिका तपासल्या, तेव्हां छाती दाबलेल्या रोग्यांपैकीं शेंकडा ७५ तत्काळ शुद्धीच्या वाटेस लागलेले आढळले. खऱ्या इस्पितळांस एवढें यश ठाऊक नाहीं.

डॉक्टरच नट झाला म्हणजे गोष्ट निराळी. डॉ. श्रीराम लागू हे कान, नाक व घसा यांचे शस्त्रवैद्य. १९६९ सालीं व्यवसाय सोडून त्यांनीं रंगभूमि धरली, आणि पुढच्याच वर्षीं 'नटसम्राट' उभा केला. मानसोपचारतज्ज्ञ डॉ. मोहन आगाशे यांनीं मात्र दोन्ही विद्या एकत्र नांदविल्या. 'अस्तु' या चित्रपटांत स्मृति हरपलेला, हत्तीच्या मागें निघून जाणारा संस्कृत पंडित त्यांनीं रंगविला. त्यांत वेडाचे हातवारे नाहींत. नैराश्यावरील 'कासव'च्या निर्मात्यांपैकीं ते एक. २०१६ सालचें सुवर्णकमळ त्या चित्रपटास मिळालें.

हें सारें करमणुकीपुरतें असतें, तर मीं बोलण्याचें कारण नव्हतें. मी शिक्षक असतां वर्गांत एका मुलास फेफरें आलें. एकानें धांवत जाऊन कांदा आणला, दुसऱ्यानें दांतांत चमचा घातला. दोघांनींही तें चित्रपटांत पाहिलें होतें. मुलाचा दांत तुटला. आणि मी? मलाही तें योग्यच वाटलें होतें.

अशा वेळीं तोंडांत कांहीं घालूं नये, हातपाय दाबून धरूं नयेत. डोक्याखालीं मऊ कापड द्यावें, रोग्यास कुशीवर वळवावें आणि घड्याळ पाहावें. पांच मिनिटांत झटका थांबला नाहीं, तर १०८ क्रमांकास दूरध्वनि करावा.