कोपरी ते हांगझौ, अर्ध्या दिवसात

ठाणं ठाणेकरांना दाखवायचं, हा अवघड धंदा आहे. ताजमहालला आलेला माणूस रजा टाकून, पैसे मोडून आलेला असतो, त्यामुळे समोर येईल ते कौतुकाने बघायचं हे त्याचं घरूनच ठरलेलं असतं. कोपरीतून रविवारी सकाळी निघणाऱ्या या अर्ध्या दिवसाच्या फेरीला येतात ते मात्र याच गल्ल्यांतून वर्षानुवर्षं लोकलसाठी धावलेले लोक. त्यांना काय दाखवणार? शिवाय दाखवावं असं जे आहे, त्यातलं निम्मं दिसतच नाही.

फेरी नेणारे गृहस्थ बँकेतून निवृत्त झालेले. हातात झेंडी नाही, गळ्यात माइक नाही, खांद्यावर फक्त एक शबनम. सगळे त्यांना ‘सर’ म्हणतात म्हणून मीही म्हणते. त्यांच्याकडे मी बघत होते ती ठाण्याची माहिती मिळावी म्हणून कमी, आणि हा माणूस पंधरा-वीस जणांना उन्हातून, रिक्षांमधून, आपापसातल्या गप्पांमधून पुढे कसा नेतो, ते बघावं म्हणून जास्त.

सुरुवात मीठबंदर रोडच्या टोकाला. कोपरी संपते, तिवरं सुरू होतात, आणि त्यापलीकडे खाडी. सर स्वतः सूर्याकडे तोंड करून उभे राहिले. ऐकणाऱ्याच्या डोळ्यांवर ऊन आलं की त्याचं लक्ष पाच मिनिटांत उडतं, त्यामुळे ऊन आपण घ्यायचं. दुसरी गोष्ट पुढे चालताना कळली. घोळक्यातल्या सगळ्यात सावकाश चालणाऱ्या आजोबांना त्यांनी गप्पांच्या निमित्ताने आपल्याच शेजारी घेतलं होतं. पुढचा माणूसच हळू चालत असल्यावर मागे कोणी राहायचा प्रश्न येत नाही आणि माणसं मोजत बसावी लागत नाहीत.

खाडीबद्दल ते थोडंच बोलले. इथल्या मिठागरांबद्दल एखाद-दोन वाक्यं, आणि ही खाडी 2015 मध्ये फ्लेमिंगो अभयारण्य झाली, 2022 मध्ये पाणथळ जागांच्या रामसर यादीत गेली, एवढंच. फ्लेमिंगो त्या दिवशी नव्हते. नसलेल्या पक्ष्यांबद्दल बोलत राहिलं की लोकांना फसवल्यासारखं वाटतं, असं ते नंतर मला म्हणाले. मग नसलेल्या इमारतींबद्दल? “इमारत गेली की ती परत येईल अशी आशा कोणी धरत नाही. पक्ष्याची धरतात.”

चेंदणी कोळीवाड्यात शिरल्यावर ओट्यावर बसलेल्या एका मावशींनी आमच्या घोळक्याकडे बघून विचारलं, “काय बघताव इतं? मासली तं संपली.” सरांनी हे हसण्यावारी नेलं नाही. रेल्वे आली तेव्हा गावाचे दोन भाग झाले, ते यांना दाखवायचंय, असं त्यांनी मावशींनाच सांगितलं, आणि पुढची दोन मिनिटं मावशीच बोलल्या. पूर्वेचा कोळीवाडा कुठवर, पश्चिमेचा कुठून, पालखी कशी जाते. चांगल्या वाटाड्याला गप्प बसता यावं लागतं, हे मला तिथे दिसलं. पुस्तकी माहितीवाल्यांना हेच जमत नाही.

स्टेशनच्या पादचारी पुलावर मात्र ते घड्याळ बघून बोलले. गाडी शिरण्याआधी वाक्य संपवायचं, गाडी गेली की पुढचं सुरू करायचं. 16 एप्रिल 1853, बोरीबंदर ते ठाणे, चौदा डबे, चारशेच्या आसपास पाहुणे, साहिब, सिंध आणि सुलतान ही तीन इंजिनं. हे सगळ्यांना पाठ होतं, म्हणून त्यांनी ते आम्हालाच म्हणायला लावलं. ठाऊक असलेली गोष्ट ऐकताना माणूस कंटाळतो, पण सांगताना खुलतो. प्रत्येक गोष्टीच्या त्यांच्याकडे तीन प्रती असतात: अर्ध्या मिनिटाची, तीन मिनिटांची आणि दहा मिनिटांची. कुठली काढायची ते समोरचे लोक पायावरचा भार कितीदा बदलतात त्यावर ठरतं.

सगळ्यात मला आवडली ती त्यांची एक सवय. कुठलीही गोष्ट सांगताना तिला ते शिक्का मारतात. ‘कागदावर आहे’, ‘लोक सांगतात’, किंवा ‘मला वाटतं’. कोर्टनाक्याच्या बाजूला तुरुंगाच्या भिंतीशी हे फार उपयोगी पडलं. हा तुरुंग म्हणजे पोर्तुगीजांनी 1730 मध्ये बांधायला घेतलेला किल्ला. तो पुरा व्हायच्या आत, 1737 मध्ये मराठ्यांनी घेतला आणि 1774 च्या अखेरीस इंग्रजांनी. आत जाता येत नाही, फोटो काढता येत नाही. म्हणजे पर्यटनाच्या दृष्टीने एक लांबलचक भिंत. याच किल्ल्यात 1787 मध्ये खोदकाम करताना शिलाहार राजा अरिकेसरीचे ताम्रपट सापडले, शके 939 चे, म्हणजे 1017 मधले; त्यांत ठाण्याचं नाव श्रीस्थानक. कागदावर आहे. 1816 मध्ये दुसऱ्या बाजीरावाचा कारभारी त्र्यंबकजी डेंगळे इथून पळाला. कागदावर आहे. बाहेर घोड्याला खरारा करणारा एक मोतद्दार मराठी गाणं म्हणत होता आणि गोऱ्या पहारेकऱ्यांना न कळणाऱ्या त्या गाण्यातून पळायचा बेत आत पोचत होता. इथे सर थांबले. “हे लोक सांगतात. बिशप हेबरलाही लोकांनीच सांगितलं, म्हणून ते त्याच्या पुस्तकात आलं. पुस्तकात आलं म्हणजे कागदावर आलं, असं मी धरत नाही.” 1910 मध्ये याच तुरुंगात अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे फाशी गेले, ते सांगताना त्यांनी शिक्काही मारला नाही आणि आवाजही चढवला नाही. फक्त तारीख सांगितली, 19 एप्रिल.

आमच्यात एक जोडपं होतं, नुकतंच चीनची सहल करून आलेलं. काकूंच्या तोंडी वाटभर शांघाय. तिथे अर्ध्या दिवसात अख्खं शहर दाखवलं म्हणे: नदीकाठचा तो बंड, समोरचे पुडोंगचे मनोरे, यू बाग, आणि शेवटी रेशमाचा कारखाना. गाइड मुलगी झेंडी घेऊन पुढे, प्रत्येकाच्या कानात यंत्र, जेवायलासुद्धा मिनिटं ठरलेली. रेशमाच्या कारखान्यात भिजवलेले कोश ताणून ताणून गोधडीएवढे कसे करतात ते दाखवलं. मग त्या गोधड्या विकायला होत्याच. काका म्हणाले, “बंडला वीस मिनिटं, दुकानात तास.”

दुकानातला हा तास जगभरातल्या अर्ध्या दिवसाच्या सहलींचा खरा मालक असतो. सहल स्वस्तात विकायची आणि तूट दुकानदाराच्या दलालीतून भरून काढायची, असा तो हिशेब. चीनमध्ये हे इतकं वाढलं की 2013 च्या पर्यटन कायद्यात अवाजवी स्वस्त सहली आणि सक्तीची खरेदी यांवर बंदी घालावी लागली. सरांच्या फेरीत दुकान नाही. आहे ती मिसळ, आणि ती ज्याची त्याने खायची. पण त्या झेंडीवाल्या मुलीला मी नावं ठेवणार नाही. परक्या भाषेत, परक्या जिभेच्या तीस माणसांना वेळेवर बसमध्ये बसवणं ही कारागिरीच आहे, आणि दुकानात किती वेळ थांबायचं ते तिच्या हातात नसतं.

टेंभी नाक्याजवळच्या सिनेगॉगसमोर सरांनी काकूंच्या शांघायलाच कामाला लावलं. बेने इस्रायलींचं हे ‘शआर हाशमायीम’ 1879 मधलं. “काकू, बंडवर हिरव्या टोकदार छपराचं एक हॉटेल बघितलंत?” बघितलं होतं, फोटोही होता. “ते 1929 मध्ये व्हिक्टर ससूननी बांधलं. पुण्याचं ससून रुग्णालय ज्यांच्या देणगीवर उभं राहिलं, त्या डेव्हिड ससूनचा पणतू.” ससून हे बगदादहून मुंबईत आलेले यहुदी. इथले बेने इस्रायली त्याच्या कितीतरी आधीपासून कोकणातले, दोघांचे समाज वेगळे, हेही त्यांनी लगेच जोडलं. अफू आणि कापसाच्या पैशाने मुंबई आणि शांघाय एकाच घराण्याच्या वहीत कसे आले, हे ऐकताना काकू पहिल्यांदाच गप्प झाल्या. मोबाइल काढून तो फोटो त्यांनी पुन्हा बघितला.

मग जांभळी नाका. रविवारच्या बाजाराची गर्दी, आणि तीतून वाट काढत कौपिनेश्वर मंदिर, पेशवाईतले सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकर यांनी 1760 च्या सुमारास बांधलेलं. दर्शनाला ज्यांना जायचं ते गेले, बाकीचे मासुंदा तलावाच्या काठी सावलीत बसले. फेरीतली मोठी गोष्ट सरांनी इथे राखून ठेवली होती. पाय दुखायला लागले, पोट भरलं, आता दहा मिनिटांची प्रत चालेल.

गोष्ट अशी. 1321 मध्ये चार फ्रान्सिस्कन साधू समुद्रमार्गे ठाण्यात आले. उतरले ते इथल्या एका नेस्टोरियन ख्रिस्त्याच्या घरी. त्या पंथाची पंधरा घरं तेव्हा ठाण्यात होती. यजमान नवरा-बायकोत भांडण झालं, नवऱ्याने हात उगारला, बायको काझीकडे गेली आणि साक्षीदार म्हणून तिने या पाहुण्यांची नावं दिली. घरच्या भांडणाचं प्रकरण बघता बघता धर्माच्या वादावर गेलं आणि ते चौघे मारले गेले. पुढे दिल्लीच्या सुलतानाने ठाण्याच्या मलिकालाही, म्हणजे इथल्या अधिकाऱ्यालाही, त्यासाठी मरणाची शिक्षा दिली, असं नंतर इथे आलेला ओडोरिक नावाचा साधू लिहितो. आमच्या घोळक्यात सगळ्या धर्मांचे लोक होते आणि ही गोष्ट वाकडी लावायला एक वाक्य पुरलं असतं. सरांनी ती कौटुंबिक न्यायालयातल्या खटल्यासारखी सांगितली, कोण कोणाला काय म्हणालं त्या क्रमाने, एकही विशेषण न लावता. मला वाटतं, अर्ध्या दिवसातलं सगळ्यात कसबाचं काम हेच होतं, आणि ते कोणाच्या लक्षातही आलं नाही.

ओडोरिक हा इटलीतल्या पोर्देनोनेचा साधू. होर्मुझहून 28 दिवसांच्या प्रवासाने तो थोड्या काळानंतर ठाण्यात पोचला. त्याच्या ठाण्याच्या वर्णनात एक गंमत आहे: इथले उंदीर कुत्र्याएवढे, त्यामुळे मांजरांचा काही उपयोग नाही, कुत्रीच ते मारतात. “घूस!” आमच्यातले तिघे-चौघे एकदम ओरडले. सातशे वर्षांत एवढी एक गोष्ट बदललेली नाही. ओडोरिकने त्या चौघांची हाडं काढून बरोबर घेतली आणि जहाजाने चीनपर्यंत नेली, जैतून बंदरात, म्हणजे आजच्या च्वानझौला. वाटेत वारा पडला तेव्हा त्याने एक हाड गुपचूप समुद्रात सोडलं आणि वारा सुटला, असं तो सांगतो. सरांचा शिक्का: लोक सांगतात, आणि इथे लोक म्हणजे तो एकटा. त्याच च्वानझौमध्ये 1281 चा एक तमिळ शिलालेख सापडलाय आणि शिवमंदिराचे कोरीव दगड आजही तिथल्या काययुआन बौद्ध मंदिरात बसवलेले दिसतात. म्हणजे त्या बंदरात हिंदुस्थानातून आलेला ओडोरिक काही पहिला नव्हता.

पुढे तो हांगझौला गेला. त्याच्या मते ते जगातलं सगळ्यात मोठं शहर. तिथे त्याला एक वाटाड्या मिळाला. ओडोरिक ज्याच्या घरी उतरला होता त्या बड्या माणसाने विचारलं, शहर बघायला येणार का. दोघे नावेतून एका मठात गेले. तिथल्या भिक्षूला यजमानाने सांगितलं की या परदेशी साधूला असं काहीतरी दाखवा, जे तो आपल्या देशी जाऊन सांगेल. भिक्षूने उष्ट्या अन्नाच्या टोपल्या उचलल्या, बागेचं दार उघडलं, घंटा वाजवली. टेकडीवरून माकडं आणि तऱ्हेतऱ्हेचे प्राणी ओळीने खाली आले, जेवले, परत गेले. हे थोर माणसांचे आत्मे आहेत, असं भिक्षूने सांगितलं. ओडोरिकला हसू आलं, त्याने वाद घातला, पण 1330 मध्ये पाडुआत आपला प्रवास लिहून घ्यायला बसला तेव्हा ही टेकडी विसरला नाही. वाटाड्याचं काम फत्ते.

हांगझौत पश्चिम सरोवराजवळच्या लिंगयिन मंदिरात आजचे गाइडही एक गोष्ट सांगतात. चौथ्या शतकात हिंदुस्थानातून आलेला ह्वेली नावाचा भिक्षू समोरचा डोंगर बघून म्हणाला, हा आमच्याकडचा, उडून इथे आलाय. कोणी विश्वास ठेवेना, तेव्हा त्याने गुहेशी उभं राहून हाक मारली आणि त्याच्या ओळखीचं माकड बाहेर आलं. काकूंच्या सहलीत हांगझौ नव्हतं. “अर्धा दिवस आणखी असता तर,” काका म्हणाले.

फेरी संपली तलावपाळीच्या सेंट जॉन बाप्टिस्ट चर्चपाशी. चर्च पोर्तुगीज काळातलं, म्हणजे त्या चार साधूंपेक्षा बरंच अलीकडचं. त्यांचं मरण ठाण्यात नेमकं कुठल्या जागी झालं ते सांगता येत नाही, म्हणून फलक लावायला सरांचा विरोध. खोटी जागा पक्की करण्यापेक्षा जागा नसलेली बरी, हे त्यांचं मत. मला ते पटलं नाही. फलक नसला की गोष्ट एका माणसाच्या पायांवर आणि घशावर अवलंबून राहते, आणि सर काही कायम चालणार नाहीत. बराच वेळ वाद झाल्यावर ते एवढ्यावर आले की लावायचाच तर चेंदणीकडे, खाडीच्या बाजूला लावा. ओडोरिक कुठे उतरला ते ठाऊक नाही, पण आला तो पाण्यावरून, हे कागदावर आहे.

काकूंनी विचारलं, त्या फलकावर घुशींचं लिहिणार का?