पाळ बांधताना वाफसा पाहता का?



माती परीक्षण म्हटले की आपल्याला नत्र, स्फुरद, पालाश आठवते. परंतु त्याच मातीचे आणखी एक परीक्षण असते. ते पिकासाठी नव्हे, पाळीसाठी. शेततळे, नालाबांध, पाझर तलाव, गावचा रस्ता, सर्वांचे आयुष्य त्यावर अवलंबून असते. आणि शेततळ्याच्या बाबतीत तर ते क्वचितच कोणी करून घेतो.

2016 साली 'मागेल त्याला शेततळे' ही योजना आली आणि गावोगावी यंत्राने तळी खोदली गेली. दोन-तीन दिवसांत काम संपते. निघालेली माती काठावर टाकायची, वरून यंत्राच्या बकेटने चार थापा मारायच्या, की झाली पाळ! खरे सांगायचे तर ती पाळ नव्हे, ढेकळांचा ढीग आहे. तळे भरले की पाणी ढेकळांमधल्या फटी शोधते. प्रथम करंगळीएवढी धार लागते, ती माती घेऊन येते, आणि भोक मोठे होत होत एका रात्रीत पाळ फुटते. खालच्या अंगाला ज्याचे शेत असेल त्याचे उभे पीक आणि वरचा कसदार थर जातो. पिढ्यांचा शेजार तुटतो तो वेगळाच. "आम्ही प्लॅस्टिक अंथरले आहे," असे कोणी म्हणेल. पण खालची माती खचली की कागद ताणतो आणि फाटतो.

माती दाबायची म्हणजे काय करायचे? तिच्या कणांमधली हवा बाहेर काढायची. कोरडी माती कितीही ठोका, कण एकमेकांना अडतात, ढेकूळ ढेकळावर बसते. थोडे पाणी मिळाले की कण सरकून जवळ येतात. पाणी जास्त झाले तर ते कणांमधली जागाच अडवून बसते. पाणी काही दाबले जात नाही, मग रूळ फिरवला की माती रबरासारखी लवते. म्हणजे नांगरटीप्रमाणे पाळीलाही वाफसा साधावा लागतो. अमेरिकेतील लॉस एंजलिस शहराच्या पाणीपुरवठा खात्यातील इंजिनिअर राल्फ प्रॉक्टर यांनी 1933 साली मातीच्या धरणांसाठी ही गोष्ट मोजून दाखवली. त्यांच्याच नावाची चाचणी आपल्याकडेही करतात. 1000 घनसेंटिमीटरच्या भांड्यात माती तीन थरांत भरून, प्रत्येक थराला 2.6 किलोच्या ठोकणीचे 310 मिलिमीटर उंचीवरून 25 ठोके देतात. दर वेळी ओलावा वाढवून हेच करायचे. ज्या ओलाव्याला कोरड्या मातीचे वजन सर्वांत जास्त भरते, तो त्या मातीचा योग्य ओलावा. काळ्या मातीला तो साधारण 20 ते 30 टक्के लागतो, मुरमाला त्याहून बराच कमी.

ही चाचणी तंत्रनिकेतनात किंवा अभियांत्रिकी महाविद्यालयात करून मिळू शकते. पाळीवरची तपासणी मात्र समजायला अगदी सोपी. 1000 घनसेंटिमीटरचे, दोन्ही तोंडे उघडी असलेले लोखंडी नळकांडे थरात ठोकून बसवायचे, भरलेले काढून मातीचे वजन करायचे. समजा 1800 ग्रॅम भरले. त्यातली 100 ग्रॅम माती पूर्ण वाळवल्यावर 80 ग्रॅम उरली. 80 ला 20 पाणी, म्हणजे ओलावा 25 टक्के. 1800 ला 1.25 ने भागले की कोरडे वजन 1440 ग्रॅम. प्रयोगशाळेत तेच 1500 आले असेल तर आपली दाबाई 96 टक्के. सामान्यपणे 95 च्या खाली आल्यास थर पुन्हा दाबावा.

काळ्या चिकण मातीसाठी एक हातची खूणही आहे. पोळपाटावर मातीची वात वळावी. साधारण 3 मिलिमीटर जाडीला ती तुटू लागली तर ओलावा योग्य ओलाव्याच्या आसपास आहे. त्याआधीच भुगा झाला तर पाणी कमी, आणखी बारीक वळत राहिली तर जास्त. हे काम घरातल्या बायका आपल्यापेक्षा चांगले करतील, वाती वळायचा हात त्यांचाच!

आता प्रत्यक्ष काम. पाणी थरावर ओतू नये, आदल्या दिवशी खाणीतच मारावे, म्हणजे ते सारखे मुरते. ढेकळे फोडावीत, मुळ्या आणि गवत वेचून टाकावे. धुमसाने ठोकायचे असल्यास थर वीतभरापेक्षा जाड नको. नवा थर टाकण्यापूर्वी खालचा खरवडून किंचित ओला करावा, नाहीतर दोहोंच्या मधून पाणी वाट काढते. काळी माती आत आणि वरून मुरमाचे आवरण द्यावे, कारण उन्हाळ्यात तिला भेगा पडतात. हाताने ठोकलेली पाळ पुढे बसते, म्हणून उंची दहा टक्के जास्त धरावी.

ट्रॅक्टर मात्र नेहमी त्याच चाकोरीतून नेऊ नका. चाकांमधला पट्टा कच्चा राहतो. आणि पाळीतून पाइप काढला असेल तिथे रूळ पोचत नाही. त्याच्या दोन्ही कुशींना आणि खाली माती हातानेच, पातळ थरांत, धुमसाने ठोकून घ्या. मजूर कंटाळले तरी तेवढा वेळ स्वतः उभे राहा.