थुकरटवाडी: दूरचित्रवाणीने स्वतःची केलेली थट्टा

ऑगस्ट २०१४ मध्ये झी मराठी वाहिनीवर सुरू झालेला ‘चला हवा येऊ द्या’ हा कार्यक्रम वरवर प्रहसनांचा असला, तरी त्याचा कच्चा माल बहुतांशी चित्रपट आणि मालिका हाच होता. विडंबन म्हणजे मूळ कृतीच्या लकबी उचलून त्या हास्यास्पद होईपर्यंत ताणणे. येथे हे काम थुकरटवाडी नावाच्या काल्पनिक गावात चाले आणि त्याचे लेखन, दिग्दर्शन व सूत्रसंचालन आयुर्वेदाची पदवी घेतलेले नीलेश साबळे करीत.

जसपाल भट्टी यांनी १९८९ मध्ये दूरदर्शनवरील ‘फ्लॉप शो’त मालिका-निर्मितीची खिल्ली उडवली होती, परंतु थुकरटवाडीची व्यवस्था निराळी होती, कारण ज्यांची थट्टा व्हायची तेच कलावंत आपल्या नव्या कलाकृतीच्या प्रसिद्धीसाठी पाहुणे म्हणून समोर बसत आणि कॅमेरा त्यांचे हसणे टिपत असे. थट्टा आणि जाहिरात एकाच सौद्यात उरकल्यामुळे विनोदाला धार फारशी आली नाही, हे मान्य करावे लागते. तमाशातील सोंगाड्या राजालाही सोडत नाही, येथे मात्र राजानेच सोंगाड्याला बोलावलेले असे.

कसब अभिनयात होते. भाऊ कदम, कुशल बद्रिके, सागर कारंडे आणि श्रेया बुगडे हे नट मालिकांतील ताणलेले दृष्टिक्षेप व धक्क्याचे क्षण देहबोलीतूनच उभे करीत, त्यामुळे ज्या तंत्राला प्रेक्षक रोज निमूटपणे शरण जात होता तेच त्याच्या नजरेस येई. भारत गणेशपुरे यांच्या वऱ्हाडी ढंगाने मुंबई-पुण्याबाहेरची बोली पडद्यावर ठळक केली. मराठवाड्याच्या किनवट तालुक्यातील इस्लापूरसारख्या गावी, जिथून पैनगंगा ओलांडली की यवतमाळ जिल्हा म्हणजे विदर्भ लागतो, तो ढंग शेजारचाच. मराठवाड्याच्या स्वतःच्या बोलीला मात्र तेवढे ठळक स्थान मिळाले नाही, ही उणीव खटकते.

याच कार्यक्रमात कारंडे पोस्टमनच्या वेशात अरविंद जगताप यांनी लिहिलेली पत्रे वाचून दाखवीत, आणि तेव्हा थट्टेचे नियम उलटत: ज्या करुण पार्श्वसंगीताची व पाणावलेल्या डोळ्यांवर रेंगाळणाऱ्या कॅमेऱ्याची थोड्या वेळापूर्वी टर उडवली गेली असेल, तीच साधने आता गांभीर्याने वापरली जात आणि प्रेक्षक खरोखर रडत.