लवण राजाची साठ वर्षे

योगवासिष्ठात लवण राजाची कथा आहे. भर दरबारात एक ऐंद्रजालिक मोरपिसांचा कुंचा फिरवतो आणि राजा सिंहासनावर निश्चल होतो. सभेच्या लेखी थोडाच वेळ जातो. राजा मात्र रानात चांडाळकन्येशी लग्न करून साठ वर्षे संसार करतो. पुढे दुष्काळ पडतो. भुकेल्या मुलाला आपले मांस मिळावे म्हणून तो आगीत शिरतो, आणि जागा होतो.

काळ मनच लांबवते नि आखडते, हा वसिष्ठांचा सिद्धांत. १९८२ चा गिरणी संप ज्यांनी रिकाम्या डब्यांच्या घरात काढला, त्यांना तो शिकवावयास नको!

प्रवचनकार पुढचा भाग घाईने उरकतात. राजा विंध्याच्या रानात शोधावयास जातो, तर ते खेडे खरोखरीच तेथे! एक म्हातारी मुलगी-जावयासाठी रडते आहे. हे कसे? वसिष्ठ दोन उत्तरे देतात. राजाचा भ्रम त्या लोकांच्या मनात उमटला असेल, किंवा त्यांचा अनुभव राजाच्या मनात. मला दुसरे पटते. उपासमार आधी म्हातारीच्या घरची होती. राजाला ती घटकाभर दिसली. राजा जागा झाला तो सिंहासनावर. म्हातारीने कोठे जागे व्हावयाचे, याविषयी ग्रंथ बोलत नाही.