निकितीन कुठला? रशिया, त्याचे शेजारी आणि आपले काही गैरसमज

कर्जत स्टेशनला लागूनच भिसेगाव. इथे कुणाचा मुलगा डॉक्टर व्हायला त्या बाजूला गेला की ‘रशियाला गेला’ असंच म्हणतात. नीट विचारलं तर कळतं, बिश्केकला गेलाय, म्हणजे किर्गिझस्तानात. दुसऱ्या कुणाची मुलगी तिबिलिसीला असते, म्हणजे जॉर्जियात. युक्रेनला गेलेली मुलंही आपल्या बोलण्यात बरीच वर्षं ‘रशियालाच’ होती. 26 फेब्रुवारी 2022 ला बुखारेस्टहून 219 जणांना घेऊन पहिलं विमान मुंबईत उतरलं, तेव्हा कुठे फरक टोचला. युक्रेनचं आकाश बंद होतं, पोरं हद्द ओलांडून रुमानियात आली होती, आणि ज्याच्या बॉम्बपासून ती पळाली तो देश रशियाच होता.

ही सगळी नावं एका रशियात कोंबण्यात कुणाचा वाईट हेतू नसतो. शास्त्रीजी गेले ते ताश्कंदसुद्धा आपल्या घरात ‘रशियातच’ होतं. पण या सवयीखाली काही गैरसमज घट्ट बसले आहेत.

गैरसमज : चौलला उतरलेला निकितीन मॉस्कोचा.

अफानासी निकितीन हा व्यापारी 1469 च्या सुमारास चौलच्या बंदरात उतरला आणि पालीवरून घाट चढून जुन्नरला गेला. हे आपलं सुधागडचंच पाली, असं मानतात. रेवदंड्यात त्याचं स्मारकही आहे. वास्को द गामा कालिकतला पोहोचला 1498 मध्ये, म्हणजे हा गडी त्याच्या जवळजवळ तीस वर्षं आधीचा. भाषेनं आणि धर्मानं तो रशियनच होता, पण मॉस्कोचा प्रजाजन नव्हता. त्याचं गाव त्वेर, आणि तेव्हा ते स्वतंत्र संस्थान होतं. परतीच्या वाटेवर स्मोलेन्स्कजवळ तो वारला. त्यानंतर काही वर्षांतच, 1485 मध्ये, मॉस्कोच्या तिसऱ्या इव्हाननं त्वेर गिळलं.

मॉस्कोनं शेजारी खायला सुरुवात केली ती अशी घराशेजारून, आपल्याच भाषेच्या माणसांपासून. मग 1552 मध्ये कझान, पुढे उरल ओलांडून सैबेरिया. 1639 मध्ये कोसॅक शिपाई थेट प्रशांत महासागराच्या काठाला पोहोचले. 1783 मध्ये क्रिमिया, 1795 पर्यंत पोलंडची तीन वेळा वाटणी, 1801 मध्ये जॉर्जिया, 1809 मध्ये फिनलंड, 1865 मध्ये ताश्कंद.

गैरसमज : साम्राज्य म्हणजे इंग्रज, पोर्तुगीज, फ्रेंच. रशिया नुसताच ‘मोठा देश’.

साम्राज्य जहाजातून येतं, हे आपल्या मनात पक्कं बसलंय. कोकणाच्या माणसाला तर त्याचा दोषही देता येणार नाही, कारण आपल्याकडे ते खरोखरच समुद्रातून आलं. रशियाचं मात्र घोड्यावरून आणि पुढे रुळांवरून गेलं. मध्ये समुद्र नसल्यामुळे नकाशावर जिंकलेला मुलूख आणि मूळ मुलूख एकाच रंगात मिसळून जातो, आणि बघणाऱ्याला तो जन्मापासून एकच वाटतो. तरी 1721 मध्ये झार पीटरनं स्वतः सम्राट ही पदवी घेतली होती. आणि समुद्रापलीकडची वसाहतही रशियाला होतीच. ती अलास्का, 1867 मध्ये अमेरिकेला 72 लाख डॉलरना विकलेली.

कर्जत हे रेल्वेचं गाव, म्हणून इथल्या वाचकाला रुळांवरूनच सांगतो. 1863 मध्ये बोरघाटातून गाडी सुरू झाली आणि दख्खनचा कापूस घाट उतरून मुंबईकडे येऊ लागला. रशियानं 1880 मध्ये कास्पियन समुद्राच्या पलीकडे तुर्कमेन मुलखात लोहमार्ग टाकायला घेतला. पहिला हेतू फौजेला रसद पोहोचवण्याचा. 1881 मध्ये तुर्कमेनांचा गोक-तेपेचा किल्ला पडला, 1888 मध्ये गाडी समरकंदला पोहोचली, आणि त्याच रुळांवरून मध्य आशियाचा कापूस मॉस्कोकडच्या गिरण्यांना जाऊ लागला. घाटात बँकर इंजिनं लावून गाडी ढकलणाऱ्या गावाला यात नवल वाटायचं कारण नाही. हत्यार तेच होतं, धनी वेगळा.

रुळांची मापंसुद्धा बोलतात. आपला रूळ 1676 मिलिमीटरचा, नेरळ-माथेरानचा 610 चा, युरोपात बहुतेक ठिकाणी 1435 चा. आणि युक्रेन, बेलारूस, मोल्दोवा, जॉर्जिया, किर्गिझस्तान, तिन्ही बाल्टिक देश या सगळ्यांचा 1520 चा, म्हणजे रशियाचा. पोलंडच्या हद्दीवर डबे उचलून खालची चाकं बदलतात. शत्रूची गाडी आत येऊ नये म्हणून झारनं मुद्दाम वेगळं माप घेतलं, ही दंतकथा आहे. 1840 च्या दशकात व्हिसलर नावाच्या अमेरिकन इंजिनिअरनं पाच फुटांचं माप सुचवलं आणि ते स्वीकारलं गेलं, एवढंच. साम्राज्य मोडून तीस वर्षं उलटली, माप तेवढं उरलं. बाल्टिक देश आता 1435 चा नवा मार्ग टाकताहेत.

गैरसमज : युक्रेनी ही रशियनचीच एक बोली.

याच 1863 साली, इकडे बोरघाट खुला होत असताना, झारचा गृहमंत्री वालुयेव यानं एक परिपत्रक काढलं. वेगळी अशी युक्रेनी भाषा नव्हती, नाही आणि असूच शकत नाही, असा त्याचा सूर. आणि त्या भाषेत सामान्य लोकांसाठी धार्मिक आणि शालेय पुस्तकं छापायला बंदी. 1876 मध्ये बंदी जवळजवळ सगळ्याच छपाईवर आणि नाटकांवर आली. नसलेल्या भाषेवर दोन-दोनदा बंदी कशाला घालावी लागते, हे वालुयेवला कुणी विचारलं नसावं. त्याआधी तारास शेव्चेन्को या कवीला 1847 मध्ये हद्दपार केलं होतं, आणि वर लिहायला व चित्र काढायलाही मनाई केली होती.

इथे मराठी माणसानं जरा स्वतःकडेही बघावं. कोंकणी मराठीचीच बोली, म्हणून गोवा महाराष्ट्रात यावा, असं आपल्यापैकी पुष्कळजण छातीठोकपणे सांगत. 16 जानेवारी 1967 ला गोव्यात सार्वमत झालं, सुमारे 34 हजार मतांनी विलीनीकरण फेटाळलं गेलं, आणि विषय संपला. आपण चडफडलो, पण रणगाडे नेले नाहीत. युक्रेनमध्येही 1 डिसेंबर 1991 ला सार्वमत झालं. 90 टक्क्यांहून अधिक मतं स्वातंत्र्याच्या बाजूनं पडली, क्रिमियातही निम्म्याहून जास्त. तिथे मात्र विषय संपला नाही.

गैरसमज : 1917 नंतर साम्राज्य उरलंच नाही.

हा गैरसमज सर्वांत गोड, आणि मराठी घरांत तो प्रेमातून आलाय. गुळगुळीत कागदावरची स्वस्त सोव्हिएत पुस्तकं आपण वाचली. अण्णाभाऊ साठे 1961 मध्ये तिकडे जाऊन आले, भारावून लिहिलं. 2022 मध्ये मॉस्कोत त्यांचा पुतळाही बसला. त्याच 1961 च्या डिसेंबरात गोव्याच्या प्रश्नावर सुरक्षा परिषदेत सोव्हिएत संघानं नकाराधिकार वापरून भारताची बाजू राखली, 1971 मध्येही तेच केलं. हे सगळं खरं आहे आणि विसरायचं कारण नाही.

पण आपल्याला मदत झाली यावरून त्यांच्या शेजाऱ्यांचं काय झालं ते कळत नाही. मे 1920 मध्ये लेनिनच्या सरकारनं करार करून जॉर्जियाचं स्वातंत्र्य मान्य केलं, आणि फेब्रुवारी 1921 मध्ये लाल सेना तिथे घुसली. 1940 मध्ये तिन्ही बाल्टिक देश गेले. मे 1944 मध्ये क्रिमियाचे तातार आख्खेच्या आख्खे गाड्यांत भरून मध्य आशियात टाकले. 1956 मध्ये बुडापेस्ट, 1968 मध्ये प्राग, 1979 मध्ये काबूल, सगळीकडे सोव्हिएत फौजा घुसल्या. कझाक माणसाची लिपी तर पंधरा वर्षांच्या आत दोनदा बदलली, अरबीवरून रोमन आणि 1940 मध्ये रोमनवरून रशियन. पणजोबांची मोडीतली कागदपत्रं हातात घेऊन बसलेल्यालाच हे समजेल, आणि आपली मोडी तर कुणा परक्या राजधानीच्या हुकमानं गेली नव्हती.

गैरसमज : युक्रेनमधलं युद्ध सगळं नाटोमुळे झालं.

नाटो 1999 मध्ये आणि 2004 मध्ये पूर्वेकडे सरकली, 2008 मध्ये युक्रेन आणि जॉर्जियाला सदस्यत्वाचं आश्वासन दिलं, आणि रशियाला ते खुपलं. इतकं मान्य. पण डिसेंबर 1994 मध्ये बुडापेस्टला युक्रेननं अण्वस्त्रं सोडायचं कबूल केलं, त्या बदल्यात सरहद्दींचा मान राखू असं लिहून देणाऱ्यांत रशिया होता. आणि जून 2022 मध्ये पुतिन यांनी स्वतःची तुलना पीटरशी केली, तीही पीटर मुलूख ‘परत घेत’ होता असं सांगत. हे नाटोचं बोलणं नव्हे.

गैरसमज : शेजारी एक तर रशियाचे मिंधे, नाही तर वैरी.

बहुतेकजण मधेच कुठेतरी उभे आहेत. ताजिकिस्तानची कितीतरी घरं रशियात मजुरीला गेलेल्या माणसांच्या पैशावर चालतात. आर्मेनियात ग्युम्रीला रशियाचा तळ आहे, तरी 2024 मध्ये आर्मेनियानं रशियाच्या लष्करी गटातला आपला सहभाग गोठवला. फिनलंडनं दशकानुदशकं तटस्थ राहून एप्रिल 2023 मध्ये नाटो गाठली. आणि भिसेगावातून जिथे ‘रशियाला’ म्हणून फोन जातो, त्या किर्गिझस्तानात किर्गिझ ही राज्यभाषा आणि रशियन ही अधिकृत भाषा, दोन्ही घटनेनं. आपला विद्यार्थी वॉर्डात पेशंटशी बोलता यावं म्हणून रशियन शिकतो. तोच पेशंट आपल्या आईशी किर्गिझमध्ये बोलत असतो.