तिथी पाहून खाडीत

डोंबिवलीहून ऐरोलीला लोकलनं जायचं तर ठाण्याची खाडी दोनदा ओलांडावी लागते. कळवा मागे पडल्यावर पहिल्यांदा, आणि ठाण्यात गाडी बदलून वाशी-पनवेलच्या गाडीत बसल्यावर उलट्या दिशेनं दुसऱ्यांदा. १८५४ मध्ये रेल्वे ठाण्याहून कल्याणपर्यंत आली तेव्हापासून खाडीवर पूल आहे, पण त्यावरून जाताना आपलं लक्ष दाराकडे आणि मोबाइलकडे. ठाणे साष्टी बेटावर आहे आणि आपण रोज कामाला मुख्य भूमीवरून बेटावर जातो, हेही क्वचितच मनात येतं. ही खाडी नीट बघायची तर तिसऱ्यांदा, पाण्यातूनच जायला हवं. त्याची सोय ऐरोलीला आहे. वन विभागाच्या कांदळवन कक्षाचं सागरी व किनारी जैवविविधता केंद्र तिथं आहे आणि तिथून फ्लेमिंगो बघायला बोट सुटते. घरातून निघून परत येईपर्यंत अर्धा दिवस पुरतो.

पण बरेच जण आधी रविवार ठरवतात, मग बोटीची वेळ बघतात आणि परत येऊन म्हणतात, ‘लांबून चार ठिपके दिसले.’ दोष बहुतेक वेळा पक्ष्यांचा नसतो, बोटवाल्यांचाही नसतो. खाडीतली फेरी वारावर चालत नाही, तिथीवर चालते. ती कशी, ते एकदा समजून घेतलं की बाकी सगळं सोपं आहे.

पाऊणपटीचा हिशेब

खाडीत दिवसाला साधारण दोन भरत्या आणि दोन ओहोट्या येतात. दोन भरत्यांमध्ये सुमारे बारा तास पंचवीस मिनिटांचं अंतर असतं, म्हणून भरती रोज पाऊण-एक तास पुढे सरकते. आपल्या किनाऱ्यावरच्या लोकांनी यावर एक तोंडी हिशेब बसवला आहे: तिथीच्या आकड्याची पाऊणपट करा, तितक्या वाजता पूर्ण भरती. चतुर्थीला चाराची पाऊणपट तीन, म्हणजे पहाटे आणि दुपारी तीनच्या सुमारास भरती. अष्टमीला सहा वाजता, सकाळ-संध्याकाळ. एकादशीला सव्वाआठ. पौर्णिमा आणि अमावास्या दोन्हींना पंधराच धरायचे, की सव्वाअकरा येतात. पूर्ण भरतीनंतर सहा तासांनी पूर्ण ओहोटी.

हा हिशेब थोडा ढोबळ आहे. चांद्रमासाच्या तीस तिथ्यांत भरतीची वेळ चोवीस तासांनी सरकते, म्हणजे तिथीमागे अठ्ठेचाळीस मिनिटं. तोंडी हिशेबात ती पंचेचाळीस धरलेली आहेत. शिवाय समुद्राच्या तोंडाशी भरती आली तरी खाडीत आतपर्यंत पोचायला तिला आणखी वेळ लागतो, त्यामुळे मुंबई बंदराच्या तक्त्यातली वेळ ऐरोलीला जशीच्या तशी लागू होत नाही. तरी दिवस निवडायला पाऊणपट पुरते. नेमकी वेळ आरक्षण करताना कळतेच.

पक्षी कधी, बोट कधी

आता गाठ कुठे पडते ते पाहा. फ्लेमिंगो, म्हणजे आपला रोहित किंवा अग्निपंख, चिखलात चरतो. त्याचं अन्न चिखलावरच्या पातळ पाण्यात असतं, त्यामुळे त्याला ओहोटी लागते. बोटीला मात्र तळाखाली पाणी लागतं, म्हणजे भरती. पूर्ण ओहोटीला पक्षी मजेत पसरलेले असतात, पण बोट धक्क्यावरून हलत नाही. पूर्ण भरतीला बोट हवी तिथं जाते, पण चिखल बुडालेला असतो. पक्ष्यांचे मोठे थवे तेव्हा खाडी सोडून नेरुळच्या बाजूच्या पाणथळ जागांवर विसाव्याला गेलेले असतात. म्हणून त्या पाणथळ जागा टिकल्या नाहीत तर खाडीतले पक्षीही टिकणार नाहीत.

यातली मधली वेळ साधायची. पाणी चढत असताना किंवा उतरत असताना, अर्ध्या भरतीच्या आसपास, बोट तरंगते आणि कडेचा चिखलही उघडा असतो. चढत्या पाण्यात तर पाणी पक्ष्यांना हळूहळू कडेकडे ढकलत आणतं. एकादशीचं उदाहरण घ्या. सव्वाआठला भरती, तर आठची फेरी टाळून दहाच्या पुढची मिळते का बघावी. पौर्णिमेला सकाळी साडेआठच्या आसपास पाणी चढत असतं, ती फेरी चांगली. चतुर्थीला सकाळी नऊला खाडी रिकामी असते. दुपारी पाणी भरू लागल्यावरच बोट.

तिथीवरून आणखी एक गोष्ट कळते. पौर्णिमा-अमावास्येच्या सुमाराला उधाणाची भरती असते. पाणी जास्त चढतं, तितकंच खाली उतरतं आणि ओढही जास्त असते. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती. पाण्याचा चढउतार कमी, खाडी शांत. लहान मुलं आणि म्हातारी माणसं बरोबर असतील तर भांगाचे दिवस बरे.

केंद्रावर

ठाण्यात नऊ-दहा नंबरच्या फलाटांवरून वाशी-पनवेलची गाडी पकडा. आता आधी दिघा गाव, मग ऐरोली. स्टेशनबाहेर रिक्षावाल्याला केंद्राचं पूर्ण नाव सांगितलं तर तो बुचकळ्यात पडेल. ‘फ्लेमिंगोची बोट’ म्हणा. केंद्र दिवा गावाच्या बाजूला आहे. हे दिवा ऐरोलीचं, आपल्या दिवा जंक्शनशी त्याचा संबंध नाही. मित्रांना पत्ता कळवताना एवढं लिहायला विसरू नका.

आरक्षण आधीच ऑनलाइन करावं. बोटी लहान-मोठ्या आहेत, दर त्याप्रमाणे आणि वाराप्रमाणे बदलतात. थंडीतले आणि उन्हाळ्यातले शनिवार-रविवार लवकर भरतात. पक्षी साधारण नोव्हेंबरपासून येऊ लागतात आणि मे अखेरपर्यंत असतात. जानेवारी ते एप्रिल हा उत्तम काळ.

वेळेआधी अर्धा तास पोचा, आणि यात हयगय नको. बोट उतरत्या पाण्यात निघाली असेल तर पाणी संपायच्या आत तिला धक्क्याला परत लागायचं असतं. उशिरा येणाऱ्यासाठी तांडेल थांबत नाही तो हटवादीपणा नाही. दहा मिनिटं थांबला तर परतताना बोट गाळात बसू शकते. हाती वेळ असेल तर केंद्रातलं दालन बघून घ्या. खारफुटी, मासे, खेकडे, पक्षी यांची ओळख तिथं झाली असली की बोटीतलं बोलणं कानावरून जात नाही.

बोटीत

जीवरक्षक जाकीट घालायचं, आपल्या जागेवर बसायचं. फेरी साधारण तासाभराची. बरोबरचा मार्गदर्शक बोलत असतो, पण पहिली दहा मिनिटं डोळे काठाकडे ठेवा. तिथं सगळ्यात जास्त दिसतो तो तिवर. चिखलातून पेन्सिली उभ्या केल्यासारख्या दिसतात ती त्याची श्वसनमुळं. चिखलात हवा नसते, म्हणून मुळं श्वास घ्यायला वर येतात. पानांतून तो जास्तीचं मीठ बाहेर टाकतो. पानावर बोट फिरवून चाखलं तर खारट लागतं. महाराष्ट्रानं २०२० मध्ये राज्य कांदळवृक्ष म्हणून निवडली ती पांढरी चिप्पी, तीही याच कुळाची नसली तरी याच चिखलाची रहिवासी. या झाडीत सोनेरी कोल्हाही राहतो. तो दिसेलच असं नाही, पण मागे दिसणाऱ्या इमारतींकडे बघत हे ऐकताना गंमत वाटते.

पुढे गेल्यावर बोटीचा वेग कमी होतो. दूरवर गुलाबी पट्टा दिसतो, तो हळूहळू सुटा होतो आणि एकेक पक्षी वेगळा ओळखू येतो. इथं दोन जाती आहेत. मोठा रोहित उंच, पांढरट गुलाबी. चोच गुलाबी आणि टोकाला काळी. छोटा रोहित बुटका, रंगानं जास्त गडद. चोच काळपट लाल. खाडीत संख्येनं जास्त तो छोटाच. चरताना दोघंही मान खाली घालून चोच उलटी धरतात. जीभ पंपासारखी हलवून पाणी आत घेतात, चोचीच्या कडेच्या बारीक कंगव्यांतून ते गाळून बाहेर सोडतात आणि अन्न आत ठेवतात. छोट्याचं अन्न मुख्यतः नीलहरित शैवाल. मोठा त्याबरोबर कोळंबीवर्गातले बारीक जीवही खातो. त्यांचा गुलाबी रंग या खाण्यातूनच येतो. म्हणून पिल्लं राखाडी असतात आणि थव्यात मधूनच दिसणारे मळकट पक्षी आजारी नसतात, तरुण असतात.

तेवढ्यात बोटीत कुणीतरी विचारतोच, ‘एवढ्या घाण पाण्यात हे येतात कशाला?’ प्रश्न रास्त आहे. काठच्या शहरांचं सांडपाणी खाडीत येतं, त्यातल्या नायट्रोजन-फॉस्फरसवर शैवाल माजतं आणि त्यावर हे पक्षी पोसले जातात. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या २०१९ च्या गणनेत मुंबई परिसरात लाखावर फ्लेमिंगो मोजले गेले. म्हणजे थवा मोठा दिसला म्हणून खाडी निरोगी आहे असं म्हणता येत नाही. राज्यानं २०१५ मध्ये इथलं १,६९० हेक्टर क्षेत्र फ्लेमिंगो अभयारण्य म्हणून जाहीर केलं, मालवणनंतरचं महाराष्ट्रातलं हे दुसरं सागरी अभयारण्य. २०२२ मध्ये ठाणे खाडी रामसर यादीत गेली. नांदूर मधमेश्वर आणि लोणारनंतरचं ते राज्यातलं तिसरं स्थळ. पाण्याचा रंग मात्र ठरतो काठावरच्या शहरांच्या गटारांत.

फ्लेमिंगोंपलीकडेही बघा. लांब लाल पायांचे शेकाटे, वर वाकलेल्या चोचीचे उचाट, कुरव, पाणकावळे, खंड्या. खाडीत दोनशेहून अधिक पक्षी नोंदलेले आहेत आणि एका फेरीत त्यांतले वीस-पंचवीस तरी ओळखता येतात.

काही साध्या गोष्टी. दुर्बीण असेल तर आणा. मोबाइलच्या कॅमेऱ्याकडून फार अपेक्षा नको, कारण बोट पक्ष्यांच्या फार जवळ जात नाही आणि जाऊही नये. थवा उडाला की फोटो छान येतो, पण चरण्याच्या मोजक्या तासांतला त्याचा वेळ वाया जातो. ‘जरा जवळ घ्या ना’ हा आग्रह तांडेलाला करू नका. टोपी, पाणी, पुसता येतील अशा चपला, फिके कपडे. खाणं धक्क्यावर परतल्यावर.

परतीच्या गाडीत पुलावर आलात की खिडकीतून खाली बघा. चिखल किती उघडा आहे यावरून पाणी किती चढलंय हे आता सांगता येईल. पुढच्या वेळी घरातली दिनदर्शिका काढा, आधी तिथी बघा, तिची पाऊणपट करा आणि मगच सुट्टी मागा.